बहुरूपी, भोंदू आणि नट

नगर जिल्ह्यातील खेड्यांना बहुरूपी नवा नाही. तो फौजदार होऊन दारात उभा राहतो. घरधनी क्षणभर दचकतो, मग हसतो आणि त्याच्या झोळीत धान्य घालतो. बहुरूप्याचे सोंग ओळखले जाण्यासाठीच असते. भोंदूचे सोंग मात्र ओळखले गेले की त्याचा धंदा बसला. प्रभाकर पणशीकर (१९३१–२०११) यांच्या कारकिर्दीचा विचार करताना हा भेद ध्यानी ठेवावा, असे आम्हांस वाटते. कारण ज्या भूमिकेने त्यांना अमाप लोकप्रियता दिली, तीत नटाला एकाच वेळी बहुरूपीही व्हावे लागते आणि भोंदूही.

आचार्य अत्रे यांचे ‘तो मी नव्हेच’ ८ ऑक्टोबर १९६२ रोजी दिल्लीत प्रथम रंगभूमीवर आले. दिग्दर्शक होते मो. ग. रांगणेकर. अनेक स्त्रियांना लग्नाच्या जाळ्यात ओढणाऱ्या माधव काझी याच्या खटल्यावर ते आधारलेले आहे. आरोपीच्या पिंजऱ्यात निपाणीचा तंबाखूचा व्यापारी लखोबा लोखंडे उभा असतो. साक्षीमागून साक्ष होते, फिरता रंगमंच वळतो आणि तोच इसम कधी दिवाकर दातार, कधी कॅप्टन अशोक परांजपे, कधी राधेश्याम महाराज होऊन समोर येतो. पणशीकरांनी यात पाच भूमिका केल्या. मंच वळण्याच्या अवधीत पोशाख, रंगभूषा, आवाज, बोलीची ढब, सारे बदलायचे आणि पुन्हा पिंजऱ्यात लखोबा म्हणून निर्विकारपणे उभे राहायचे, ही कसरत त्यांनी २,००० हून अधिक प्रयोगांत केली.

या चपळाईचे कौतुक पुष्कळ झाले. परंतु निव्वळ चपळाईच मोजायची, तर इटलीचा लिओपोल्दो फ्रेगोली (१८६७–१९३६) या विद्येचा गुरू ठरतो. क्षणार्धात वेष पालटून एकट्याने अवघे नाटक उभे करणाऱ्या या नटाचे नाव १९२७ मध्ये एका मनोविकाराला देण्यात आले. भेटणारी निरनिराळी माणसे म्हणजे वेष पालटलेली एकच व्यक्ती आहे, असा भ्रम त्या रुग्णाला होतो. न्यायालयात लखोबाचा बचाव नेमका असाच आहे: मी निराळा आहे, भ्रम झाला आहे तो साक्षीदारांना!

येथेच पणशीकरांचे मोठेपण दिसते. वेषांतर संपूर्ण साधले, तर ‘हाच तो’ म्हणणाऱ्या स्त्रिया खुळ्या ठरतात. ते अर्धेमुर्धे राहिले, तर त्या फसल्याच कशा, हे कळत नाही. पणशीकरांनी या दोहोंमधली बारीक वाट धरली. बोली बदलली, चाल बदलली. पण समोरच्या माणसाची गरज जोखणारी थंड नजर त्यांनी पाचही रूपांत एकच ठेवली. प्रेक्षकाला खूण पटते ती त्या नजरेची.

तरीही या नाटकाविषयी आमच्या मनात एक शल्य आहे. लखोबा इतका हजरजबाबी, की प्रेक्षागृह त्याच्या बाजूने हसू लागते. ज्या स्त्रीचा संसार मोडला, तिची साक्षही त्या हशात बुडते. हा दोष संहितेकडेही जातो आणि टाळ्या देणाऱ्या आपणा सर्वांकडेही. कथेतला भोंदू न्यायासनासमोर उभा असतो. प्रेक्षागृहात मात्र तो रोज निर्दोष सुटतो.

पणशीकरांची योग्यता केवळ या नाटकावरून ठरवू नये, ती याचसाठी. ‘अश्रूंची झाली फुले’मधील प्रा. विद्यानंद अन्यायाने तुरुंगात जातो आणि सूडाने पेटून बाहेर येतो. लखोबाचे वेष बदलतात, माणूस तोच राहतो. येथे माणूसच बदलतो. ‘इथे ओशाळला मृत्यू’ मध्ये त्यांनी औरंगजेब उभा केला. नगरकरांना ही कथा दूरची नाही. १६८९ साली श्रीगोंदे तालुक्यातील पेडगावच्या बहादूरगडावर संभाजी महाराजांना विदूषकाचा पोशाख चढवून त्यांची धिंड काढण्यात आली. त्या पोशाखाने राजा विदूषक झाला नाही. तो चढवणारा बादशहा १७०७ साली नगरजवळ भिंगार येथे मरण पावला.

पणशीकरांच्या आत्मचरित्राचे नाव ‘तोच मी’. लखोबाच्या नकाराला नटाने दिलेले हे उत्तर आहे. लखोबाची भूमिका पुढे करू इच्छिणाऱ्या नटाने वेष पालटण्याचा सराव अवश्य करावा. परंतु साक्ष देणारी स्त्री बोलत असताना प्रेक्षागृह शांत राहील, एवढी जागा तिला देण्याचा सराव त्याआधी करावा.