आत पेंढा नसतो

मराठीत आपण सरळ ‘पेंढा भरलेला वाघ’ म्हणतो. डॉ. संतोष गायकवाड यांचं काम बघायचं तर आधी हा पेंढा डोक्यातून काढावा लागतो.

गायकवाड हे परळच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात शरीररचनाशास्त्र शिकवणारे प्राध्यापक. मुंबईच्या वस्तुसंग्रहालयातले जतन केलेले प्राणी पाहून त्यांना टॅक्सिडर्मीची ओढ लागली आणि ती त्यांनी बरीचशी स्वतःच शिकून घेतली. २००९ मध्ये बोरिवलीच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात वन्यजीव टॅक्सिडर्मी केंद्र सुरू झालं. तिथे येणारा प्राणी आधीच मेलेला असतो. त्याच्यासाठी कुणी बंदूक उचललेली नसते. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यामुळे परवानगीशिवाय त्याच्या कातड्याला हातही लावता येत नाही.

कातडं तेवढं खरं. आतला देह मोजमापं घेऊन नव्याने घडवलेला, डोळे काचेचे. खांदा किती उचलायचा, मान कुठे वळवायची, कान कसे ठेवायचे, हे मेलेला प्राणी सांगत नाही. ते ठरवावं लागतं. या कलेतली कल्पनाशक्ती इथे आहे, आणि माझ्या मते नैतिकताही इथेच आहे.

म्हैसूरच्या वॅन इंगेन कंपनीने राजेरजवाडे आणि साहेबांसाठी जबडा वासलेले वाघ घडवले. कारागिरी अव्वल होती. पण तो वाघ डरकाळी फोडत होता ती शिकाऱ्यासाठी. समोरचा जितका भयंकर, तितका मारणारा शूर! गायकवाडांचं काम मी फोटोंत आणि व्हिडिओंतच पाहिलंय. त्यात मिटल्या तोंडाचे प्राणी मला जास्त पटतात. ते कुणाचा पराक्रम सांगत नाहीत. आपल्याच कामाला निघाल्यासारखे दिसतात.

तरी माझं एक गाऱ्हाणं आहे.

मी तेल्हाऱ्याचा. आमच्या उत्तरेला वानचं धरण, सातपुडा आणि मेळघाट. शाळेत असताना हिवरखेड रस्त्याला मेलेला रोही पाहिला होता. डोळ्यावर माशा बसल्या होत्या. मी गाडीवरून वळून बघत राहिलो. बाबा म्हणाले, “पाहू नको, चाल.” त्याच हंगामात रोह्यांनी आमचा हरभरा तुडवला होता, आणि बाबा रात्र रात्र जागलीला जात होते. आमच्याकडे जनावर मरतं ते गाडीखाली, विहिरीत, नाहीतर कुंपणात सोडलेल्या करंटने. त्या मरणात त्याचं नुकसान असतं तसं शेतकऱ्याचंही असतं.

काचेच्या डोळ्यांचा देखणा बिबट्या यातलं काहीच सांगत नाही. त्याच्याकडे बघून पोरं सेल्फी काढतील आणि तो मेला कसा हे विचारणार नाहीत. काम जितकं हुबेहूब, तितकं मरण जास्त लपतं. टाके न दिसणं हे चांगल्या टॅक्सिडर्मीचं लक्षण आहे, मान्य. पण मरणाचं कारण टाक्यांसारखं लपवायची गरज नाही.

म्हणून अशा प्रत्येक प्राण्याच्या पायाशी नाव आणि जातीसोबत आणखी एक ओळ हवी: कुठे मेला, कशाने मेला. म्हातारपणाने असेल तर म्हातारपणाने, तारेने असेल तर तारेने. त्या दिवशी बाबांनी मला जे पाहू दिलं नाही, ते निदान तिथे तरी वाचता यावं.