अंधारात टिपणं घेणारा माणूस

‘सेल्युलॉइड मॅन’ या माहितीपटात पी. के. नायर सिनेमा बघतात ते बॅटरी आणि वही जवळ घेऊन. समोर पडद्यावर चित्र सरकत असतं, इकडे अंधारात त्यांचं टिपण चालू असतं. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात १९६५ साली रुजू झालेला आणि संचालकपदावरून १९९१ मध्ये निवृत्त झालेला हा माणूस आयुष्यभर असाच सिनेमा बघत आला. अमुक प्रसंग कितव्या रिळात आहे, हे ते तोंडपाठ सांगत. पडद्यावर ज्याचं नाव कधी येत नाही, अशा माणसावर शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांनी २०१२ मध्ये १६४ मिनिटांचा माहितीपट केला. तोही फिल्मवर चित्रित केला, हे मला फार योग्य वाटतं.

नायर तिरुअनंतपुरमचे. लहानपणी वाळूत बसून सिनेमे बघायचे आणि तिकिटं जपून ठेवायचे. पुढे मुंबईत येऊन त्यांनी मेहबूब खान, बिमल रॉय यांच्याकडे उमेदवारी केली. आपण दिग्दर्शक होणार नाही हे लवकर ओळखलं, पण सिनेमाला सोडलं नाही.

माहितीपटाचा प्राण आहे तो दादासाहेब फाळक्यांच्या चित्रपटांच्या शोधात. ‘कालिया मर्दन’ (१९१९) नायरांच्या हाती आला तो तुकड्यातुकड्यांनी. फाळक्यांच्या टिपणवहीच्या आधारे त्यांनी त्या तुकड्यांचा क्रम लावला. आज तो चित्रपट बघताना सुरुवातीलाच फाळक्यांची लेक मंदाकिनी दिसते. कृष्ण होण्याआधी ती नुसत्या चेहऱ्यानं एकेक भाव करून दाखवते. इवलीशी पोर, पण कॅमेऱ्यापुढे जराही बुजत नाही. या मुलीचं हसू आपल्यापर्यंत पोचलं ते कुणीतरी गंजके डबे उघडून पट्टी पट्टीशी जुळवत बसलं म्हणून. हा विचार मनात आला की पडद्यामागचं काम म्हणजे काय, हे वेगळं सांगावं लागत नाही.

त्याच्या उलट ‘आलम आरा’ची हकिगत. पहिल्या भारतीय बोलपटाच्या शोधात नायर त्याचे दिग्दर्शक अर्देशिर इराणींना भेटले. रिळं कुठेतरी असतील, असं त्यांना सांगण्यात आलं. पण फिल्ममधली चांदी काढण्यासाठी ती केव्हाच विकली गेली होती. नायर हे सांगतात तेव्हा आवाज चढवत नाहीत, कुणाला दोषही देत नाहीत. मला तरी हा भाग सगळ्यात जास्त लागला. जुनी नायट्रेट फिल्म चटकन पेट घेते, नीट ठेवली नाही तर चिकट होऊन अखेर तिची भुकटी होते. पण आपल्याकडे तिला माणसांनीही काही कमी संपवलं नाही. भारतात सुमारे १,७०० मूकपट निघाले, त्यातले जेमतेम नऊ नायरांना वाचवता आले, असं हा माहितीपट सांगतो. हा आकडा ऐकल्यावर पुढची काही मिनिटं पडद्याकडे लक्षच लागत नाही.

मोठमोठ्या कलावंतांच्या मुलाखतींची मात्र गर्दी झाली आहे. त्यांचं प्रेम खरं आहे, पण तीच स्तुती पुन्हापुन्हा कानावर येते. याउलट कर्नाटकातल्या हेग्गोडूचा भाग कितीही वेळ बघावा. नायरांनी तिथे जगातले उत्तम चित्रपट नेऊन दाखवले आणि गावकरी इतक्या वर्षांनीही ते आठवून सांगतात. संग्रहातला सिनेमा डब्यात कोंडून ठेवायचा नसतो, लोकांपर्यंत न्यायचा असतो, ही नायरांची भूमिका तिथे एका शब्दाच्या भाष्याशिवाय कळते. घरच्यांच्या वाट्याला ते फार कमी आले, हेही डुंगरपूर लपवत नाहीत. त्यामुळे हा माहितीपट नुसती आरती होत नाही.

नायर निवृत्त झाले तेव्हा संग्रहालयात सुमारे १२,००० चित्रपट होते. त्यात अभिजात होते तसे टाकाऊ समजले गेलेलेही. आधी जपा, निवड पुढच्या पिढ्या करतील, हा त्यांचा हट्ट मला त्यांचं सर्वांत मोठं काम वाटतं. ४ मार्च २०१६ रोजी पुण्यातच ते गेले. वाचकहो, तुमच्या माळ्यावर एखादं रीळ, चित्रपटाच्या गाण्यांची पुस्तिका किंवा चित्रीकरणाचे फोटो पडून असतील, तर रद्दीत घालू नका. लॉ कॉलेज रस्त्यावरच्या संग्रहालयाला आधी दाखवा.