चित्र बोलतं, पण कुणाशी?

‘चित्र हीच स्वमग्न मुलांची भाषा’ असं वाक्य तुमच्या प्रपोजलमध्ये असेल, तर जरा थांबा. आधी आपल्या कुडाळजवळच्या पिंगुळीला जाऊन या. तिथले ठाकर कलावंत पोथीतलं एकेक चित्र समोर धरतात आणि रामायण-महाभारतातली कथा गाऊन सांगतात. चित्र, सांगणारा, ऐकणारा असे तिघं जमले की संवाद होतो.

आता संशोधनाकडे वळू. लॉर्ना सेल्फ यांचं नादियावरचं पुस्तक १९७७ चं. इंग्लंडमधली ही स्वमग्न मुलगी साडेतीन वर्षांची असताना, जवळजवळ बोलत नसताना, बॉलपेनने थक्क करणारे घोडे काढायची. पुढे ती थोडं बोलू लागली आणि चित्रं ओसरली. ‘भाषा आली की चित्र जातं’ असा तर्क मग पुढे आला. पण लंडनचे चित्रकार स्टीफन विल्टशर बघा. तेही लहानपणी बोलत नसत. शिक्षकांनी चित्रांचं साहित्य काही काळ काढून घेतलं, तेव्हा त्यांचा पहिला शब्द आला : ‘पेपर’. पुढे बोलणंही आलं, चित्रंही राहिली.

म्हणजे एका केसवरून नियम होत नाही. पण माझा मुख्य आक्षेप वेगळा आहे. या चर्चेत आपण चित्राच्या सफाईवरच भाळतो. मग ज्या मुलाला नुसत्या रेघोट्या जमतात, त्याचं काय? त्याला सांगायचं काहीच नाही?

म्हणून निरीक्षणाच्या तक्त्यात एक रकाना वाढवा : मुलाने चित्र काढल्यावर समोरच्याने काय केलं? तो रकाना रिकामा राहिला, तर दोष मुलाच्या चित्राला देऊ नका.