परमुलखात रुजलेला मल्लखांब

मल्लखांबाची आजची घडण बाळंभटदादा देवधरांकडे जाते. दुसऱ्या बाजीरावाचे हे व्यायामगुरू. बाराव्या शतकातल्या ‘मानसोल्लास’ या ग्रंथात मल्लांच्या खांबावरच्या मेहनतीचा उल्लेख येतो, पण पुढची कित्येक शतके या विद्येचा माग लागत नाही. परंपरा सांगते ती अशी : निजामाकडून अली आणि गुलाब हे दोन पहिलवान पुण्यास आले आणि त्यांनी कुस्तीचे आव्हान दिले. तरुण बाळंभटांनी ते उचलले, सप्तशृंगीवर जाऊन अनुष्ठान केले, तिथे वानराच्या कसरती पाहून लाकडी खांबावरचे डाव बसवले आणि परत येऊन अलीला चीत केले. गुलाबने मग कुस्तीच धरली नाही. कथेतला दैवी भाग बाजूला ठेवला तरी एक गोष्ट उरते. खांब हा मुळात कुस्तीतला न थकणारा, न बोलणारा जोडीदार होता.

या विद्येच्या पुढच्या प्रवासाला वसईचा संदर्भ आहे. १८०२च्या ऑक्टोबरात हडपसरला होळकरांकडून पराभव झाल्यावर बाजीराव कोकणमार्गे वसईस आला आणि ३१ डिसेंबरला त्याने इंग्रजांशी तह केला. शाळेत हा तह सनावळीपुरता पाठ होतो. त्याची परिणती मात्र १८१८ साली दिसली. बाजीराव शरण आला आणि आठ लाखांचा तनखा घेऊन कानपूरजवळच्या ब्रह्मावर्तास, म्हणजे बिठूरला, जाऊन राहिला. त्याच्याबरोबर आश्रित गेले, शास्त्री गेले आणि आखाडाही गेला. पुण्यात राजाश्रय संपला तरी गंगेकाठच्या मराठी वस्तीत खांब उभा राहिला. नानासाहेब, तात्या टोपे आणि लहानगी मनकर्णिका, म्हणजे पुढची झाशीची राणी, यांनी बिठूरला मल्लखांबाचे धडे घेतले, असे सांगितले जाते. काशीतही मराठी गुरूंचे आखाडे चालले. थोडक्यात, मल्लखांब पहिल्यांदा परमुलखात टिकला तो उत्तर भारतात.

पुरलेला मल्लखांब शिसवी किंवा सागवानी असतो. जमिनीवर साधारण साडेआठ फूट, खाली जाड आणि वर निमुळता. त्याचे अंग, मान आणि बोंड असे तीन भाग. त्याला एरंडेल चोळतात, म्हणजे अंग घासून सोलवटत नाही. नवख्याला आधी अढी शिकवतात : खांब दोन्ही हातांनी कवळायचा, अंग उलटे फिरवून पाय डोक्यावरून वर न्यायचे आणि मांड्यांनी खांब आवळून धरायचा. डोके खाली, पाय वर, हात सुटे! पहिल्या दिवशी मुले खांबाला बिलगून राहतात. महिन्याभरात तीच उलटी लटकून हसू लागतात. अढी पक्की झाली की बगली, दसरंग, फिरकी, सुईदोरा, वेल असे एकेक प्रकार येतात. साखळीला अडकवलेला टांगता मल्लखांब स्वतःच झुलतो आणि फिरतो, म्हणून तो अधिक अवघड. दोरीच्या मल्लखांबासाठी पूर्वी वेत वापरत, पुढे सुती दोर आला. पायाचा अंगठा आणि शेजारचे बोट यांच्या बेचक्यात दोर पकडून चढायचे आणि कुठेही गाठ न मारता आसने करायची. खेळाडू थांबला की ती गाठ वाटते, आणि पुढच्या क्षणी सुटते.

राजाश्रय गेल्यावर ही कला संस्थांनी सांभाळली. बडोद्यात प्रा. माणिकरावांच्या जुम्मादादा व्यायाममंदिराने पिढ्या घडवल्या. तिथूनच द. चिं. मुजुमदारांनी संपादिलेल्या दहा खंडांच्या ‘व्यायाम ज्ञानकोशा’त देशी कसरतींची नोंद झाली. अमरावतीचे श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ १९१४चे. त्याचे पथक १९३६ साली बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी देशी खेळांची प्रात्यक्षिके करून आले. दादरला शिवाजी पार्कवर प. ल. काळे गुरुजींचे श्री समर्थ व्यायाम मंदिर १९२५ पासून चालू आहे.

अशा संस्थांचे मोल आयर्लंडकडे पाहिले की चांगले कळते. तिथल्या देशी खेळांची संघटना १ नोव्हेंबर १८८४ रोजी थर्ल्स गावी, मायकेल क्यूसॅक आदींच्या पुढाकाराने स्थापन झाली. हर्लिंग आणि गेलिक फुटबॉल हे खेळ गावोगावच्या क्लबांनी, बिनपगारी खेळाडूंवर जगवले. पोटासाठी देशांतर केलेल्या आयरिश लोकांनी परक्या शहरांत क्लब काढले, आणि न्यूयॉर्कचा संघ आजही आयर्लंडमधल्या कॉनॉट प्रांताच्या फुटबॉल स्पर्धेत खेळतो. त्या लोकांनी खेळ वर्षातून एकदा मंचावर दाखवण्यावर समाधान मानले नाही. त्यांनी स्पर्धा, नियम आणि आठवड्याचा सराव सोबत नेला.

मल्लखांबाचा अलीकडचा प्रवास त्याच वाटेने चालला आहे. भारतीय महासंघ १९८१ साली उभा राहिला. समर्थ व्यायाम मंदिराचे उदय देशपांडे यांनी पन्नासहून अधिक देशांतल्या लोकांना ही विद्या दिली, दृष्टिहीन मुलींना दोरीवर चढवले. २०२४ साली त्यांना पद्मश्री मिळाली. फेब्रुवारी २०१९ मध्ये पहिली जागतिक स्पर्धा शिवाजी पार्कवरच झाली. अमेरिकेत न्यू जर्सीच्या मराठी मंडळींच्या प्रयत्नातून मल्लखांब फेडरेशन यूएसए उभी राहिली. तिथले वर्ग म्हणजे कौतुकाचा खरा विषय. गणेशोत्सवातले पाच मिनिटांचे प्रात्यक्षिक टाळ्या मिळवते, पण अढी पक्की होते ती शनिवार-रविवारच्या वर्गात. इकडे २०२२च्या गुजरातमधील राष्ट्रीय क्रीडा स्पर्धेत मल्लखांबाचा समावेश झाला आणि सागर ओव्हळकर यांना त्याच वर्षाचा अर्जुन पुरस्कार मिळाला.

परदेशातल्या मराठी मंडळांना पुरलेला खांब बसवणे जड जाते. जागा लागते, परवानगी लागते, तसे लाकूडही सहज मिळत नाही. दोरीला एक भक्कम तुळई, खाली जाड गादी आणि जाणता शिकवणारा पुरतो. नव्याने वर्ग काढू पाहणाऱ्यांनी दोरीपासून सुरुवात करावी, आणि सुट्टीत वसई-विरारला आलेल्या मुलांना लोकलने दादरला नेऊन एकदा खऱ्या खांबाला हात लावू द्यावा.