माघारीचें शौर्य : जनरल थोरात यांचें आत्मवृत्त

मराठी वाङ्मयांत बखरींची उणीव नाहीं. परंतु लढवय्यानें स्वतः लेखणी हातीं धरून लिहिलेलें आत्मवृत्त आपल्याकडे विरळाच. तलवार गाजविणारा एक आणि ती कशी गाजली हें लिहिणारा दुसरा, अशी कामाची वांटणी आपल्या इतिहासांत पूर्वापार चालत आली आहे. यासाठींच लेफ्टनंट जनरल शंकरराव पांडुरंग पाटील थोरात यांचें १९८६ सालीं प्रसिद्ध झालेलें ‘फ्रॉम रेव्हेली टु रिट्रीट’ हें इंग्रजी आत्मवृत्त मराठी वाचकानें आपलें म्हणून वाचावें असें आम्हांस वाटतें. रेव्हेली म्हणजे पहाटे शिपायांस जागें करणारा बिगुल, आणि रिट्रीट म्हणजे सूर्यास्तीं निशाण उतरवितांना वाजणारा. शिपायाचा सबंध दिवस या दोन स्वरांत सामावलेला असतो. मात्र यांतील दुसऱ्या शब्दाचा इंग्रजींत माघार असाही अर्थ होतो; आणि थोरातांच्या कारकीर्दीचें मर्म या अर्थांतच सांपडतें, असें आमचें मत आहे.

आरे वसाहतीच्या शेजारीं भरणाऱ्या आमच्या छोट्याशा वाचकमंडळांत या पुस्तकाची चर्चा निघाली, तेव्हां एका स्नेह्यांनीं असा प्रश्न केला कीं, ज्या सेनापतीची कीर्ति मुख्यतः एका न स्वीकारलेल्या योजनेवर उभी आहे, आणि ती योजनाही सरहद्दीवरून मागें सरण्याची, त्याचा पराक्रम तो कोणता म्हणावयाचा? प्रश्न रास्त आहे. त्याचें उत्तर मिळविण्यासाठीं या गृहस्थाचें सारें चरित्रच थोडक्यांत पाहिलें पाहिजे.

थोरातांचा जन्म १९०६ सालीं कोल्हापूर संस्थानांत झाला. सँडहर्स्टच्या लष्करी विद्यालयांतून ते १९२६ सालीं अधिकारपदावर रुजू झाले. पुढें १९४५ च्या जानेवारींत ब्रह्मदेशांतील आराकानच्या किनाऱ्यावर कांगॉ येथें जपान्यांशीं घनघोर युद्ध झालें. तेथील एक्कावन्नाव्या ब्रिगेडच्या तीनही पलटणींचे नायक हिंदी होते: थिमय्या, सेन आणि थोरात. हिंदी माणूस पलटण चालवूं शकेल काय, अशी शंका गोऱ्या अधिकाऱ्यांच्या मनांत तोंवर पुरती मावळली नव्हती. तिघांनींही ‘डी. एस. ओ.’ हें शौर्यपदक मिळवून तिचा निकाल लावला. तेव्हां चालून जाण्याचें शौर्य थोरातांच्या अंगीं होतें कीं नाहीं, याचा निर्णय कांगॉच्या टेकड्यांवरच झालेला आहे.

परंतु आम्हांस अधिक मोलाचा वाटतो तो १९५३ सालचा कोरियांतील प्रसंग. युद्ध थांबलें होतें. मायदेशीं परत जाण्यास नाखूष असलेल्या बावीस हजारांहून अधिक चिनी व कोरियन कैद्यांची राखण भारतीय दलाकडे आली होती, आणि त्या दलाचे प्रमुख थोरात होते. कैद्यांची मनें विलक्षण प्रक्षुब्ध होतीं. एके दिवशीं चिनी कैद्यांनीं एका भारतीय मेजरला आपल्या आवारांत ओढून नेलें. बाहेर सशस्त्र शिपाई सज्ज होते. गोळीबाराचा हुकूम देणें सोपें होतें. थोरात निःशस्त्र आंत गेले, दुभाष्यामार्फत त्या जमावाशीं बोलले, आणि एकही गोळी न झाडतां त्यांनीं आपला अधिकारी सोडवून आणिला. कोरियांतील या धैर्याबद्दल सरकारनें त्यांस द्वितीय श्रेणीचें अशोकचक्र दिलें. बळ हातीं असतां तें कोठवर चालेल आणि कोठें चालणार नाहीं, हें त्या घटकेस ओळखणें हें सेनापतीचें लक्षण होय.

हीच दृष्टि त्यांनीं हिमालयाकडे लाविली. १९५७ ते १९६१ या काळांत ते पूर्व विभागाचे सेनापति असून त्यांचें ठाणें लखनौस होतें. १९५९ च्या ऑक्टोबरांत त्यांनीं ईशान्य सीमाप्रदेशाच्या, म्हणजे आजच्या अरुणाचलाच्या, संरक्षणाची योजना लिहून वर पाठविली. तिचें सार असें कीं, मॅकमहोन रेषेवर केवळ टेहळणीचीं हलकीं ठाणीं असावींत. शत्रु आलाच तर त्यांनीं खबर द्यावी व त्यास अडवीत अडवीत मागें यावें. आणि खरी झुंज मागील डोंगररांगेवर द्यावी, जेथें आपले रस्ते पोंचतात व शत्रूच्या रसदेची दोरी ताणून तुटावयास येते. १९६० च्या मार्चांत लखनौस ‘लाल किल्ला’ या नांवाचा युद्धाभ्यास घेऊन त्यांनीं चिनी हल्ल्याचें भाकितही मांडलें. थिमय्यांनीं ही योजना संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांजकडे धाडली. ती तेथेंच विरली. थिमय्यांनीं आपल्यामागें सरसेनापति म्हणून थोरातांचें नांव सुचविलें होतें, पण १९६१ च्या मे महिन्यांत तें पद थापरांस मिळालें आणि थोरात निवृत्त झाले. पुढील वर्षी, २० ऑक्टोबर १९६२ रोजीं, नामकाचूच्या कांठीं अपुऱ्या दारूगोळ्यानिशीं व उन्हाळी कपड्यांत उभ्या असलेल्या शिपायांवर चिनी सैन्य कोसळलें. महिन्याच्या आंत सेला व बोमडिला पडलीं.

या पराभवावर सेनानींनीं लिहिलेलीं पुस्तकें पुष्कळ आहेत. कौल यांचें १९६७ सालचें पुस्तक हें आरोपीचें बचावाचें भाषण. दळवींचें १९६९ सालचें ‘हिमालयन ब्लंडर’ हा कैदेंतून सुटलेल्या योद्ध्याचा संतप्त आक्रोश. थोरात बोलले ते चोवीस वर्षांनंतर. त्यांस स्वतःचा बचाव करावयाचा नव्हता. भविष्य खरें ठरल्यामुळें तो आपोआपच झाला होता. नेमका येथेंच या आत्मवृत्ताचा कस लागतो. पराभवानंतर नेहरूंनीं त्यांस बोलाविलें, आणि ती योजना आपल्यापर्यंत आलीच नव्हती असें नेहरूंच्या बोलण्यांतून निघालें, हा प्रसंग ते सांगतात. परंतु १९८६ सालीं नेहरू हयात नव्हते, मेननही नव्हते. एकाच साक्षीदाराच्या जबानीवर निकाल देऊं नये, हें पथ्य वाचकानें पाळावें. शिवाय त्या योजनेस लागणारें वाढीव सैन्य मिळालें असतें काय, रस्ते वेळेवर झाले असते काय, हे प्रश्न उरतातच. न झालेली लढाई कोणीच हरत नाहीं. म्हणून ‘थोरातांचें ऐकलें असतें तर’ या जपानें त्यांचा गौरव करणें आम्हांस प्रशस्त वाटत नाहीं.

त्यापेक्षां, ती योजना कोणास नको होती, असें विचारावें. सारा दोष मेनन यांच्या माथीं मारून आपण सुशिक्षित मंडळी मोकळे होतों. परंतु त्या दिवसांत लोकसभेंत व वृत्तपत्रांत एकच गर्जना चालू होती कीं, तसूभर भूमि सोडतां कामा नये. अशा वातावरणांत डोंगरांमागून डोंगर सोडून मागें या असें सांगणारा सेनापति लोकांस रुचला असता काय? आपण गनिमी काव्याचे वारस म्हणवितों. १६६५ सालीं पुरंदरच्या तहांत शिवाजीमहाराजांनीं तेवीस किल्ले देऊन टाकिले व पांच वर्षांत ते परत घेण्यास आरंभ केला, हें आपण मुलांस अभिमानानें शिकवितों. पानपतावर मल्हाररावांचा जड बुणगे मागें ठेवण्याचा सल्ला मानिला नाहीं, म्हणून बखरी वाचतांना हळहळतों. आणि आपल्या हयातींत एक कोल्हापूरकर तोच सल्ला देतो, तेव्हां आपलेच कान बंद असतात!

मेनन गेल्यावर यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्री झाले आणि हिमालयाच्या हांकेस सह्याद्रि धांवला, असें महाराष्ट्र अभिमानानें म्हणूं लागला. त्या घोषांत एका गोष्टीचा विसर पडला. सह्याद्रीचा एक पुत्र त्यापूर्वीं चार वर्षें हिमालयाच्या पायथ्याशींच उभा होता. तो सांगावयाचें तें सांगून, नियमाप्रमाणें निवृत्त होऊन परत आला होता. थोरात १९९२ सालीं वारले. त्यांचें आत्मवृत्त तरुणांच्या हातीं अवश्य द्यावें. आणि कांगॉचें प्रकरण ते आवडीनें वाचतीलच, पण कोरियाचें त्यांच्याकडून दोनदां वाचून घ्यावें.