मोकळ्या रानातला चकवा

मराठी भयकथेला अंधार लागतो. कोकणातली माडांची राई, पुण्यातला जुना वाडा, बंद तळघर, कुरकुरणारा जिना. नारायण धारप आणि रत्नाकर मतकरी यांनी दिलेल्या भयापेक्षा त्यांची नेपथ्यंच मागून येणाऱ्यांनी जास्त उचलली. 2016 साली ‘रात्रीस खेळ चाले’ ही मालिका गाजली, तीही सिंधुदुर्गातल्या घरात. या सगळ्यात नांदेड-लातूरकडचं भूत कुठं दिसत नाही, आणि या वाङ्मयप्रकाराचं मोठं नुकसान मला तिथंच दिसतं.

कारण इकडचं भूत दडून बसणारं नाही. लोहा, कंधार, अहमदपूर, औसा या पट्ट्यातल्या काळ्या रानात दडायला आडोसाच कमी. कोसभर लांबचा दिवा दिसतो. इथं माणसाला धरतो तो चकवा. बाजार करून उशिरा निघालेला गडी आपल्याच शिवारात शिरतो. बांध ओळखीचा, वाट पायाखालची, समोर गावातला दिवा. तो चालतो, दिवा तेवढाच लांब राहतो. पुढं कुणीतरी चाललेलं असतं, पाठ ओळखीची वाटते, हाक मारली तर वळून बघत नाही. तांबडं फुटतं तेव्हा गडी निघाल्या बाभळीखालीच उभा असतो. त्याच्या लेखी घटकाभर गेलेली असते, घरच्यांच्या लेखी अख्खी रात्र. जाणती माणसं म्हणतात, अशा वेळी चालू नये, जाग्यावर बसून राहावं.

या गोष्टीला किंकाळी लागत नाही, रक्त लागत नाही. वेळेचं आणि अंतराचं माप बिघडलं की पुरे. धारपांकडे संकट बहुधा बाहेरून येतं आणि त्यांच्या कथांतल्या समर्थांसारखा कुणी जाणता ते परतवतो. मतकरींकडे ते चारचौघांसारख्या माणसाच्या मनातून वर येतं. चकव्यात बाहेरून कुणी शिरत नाही, त्यामुळे परतवायचं तरी कुणाला? आपलीच जमीन आपल्याला ओळख देत नाही, हे भय शेतकऱ्याचं आहे. ते मराठीत अजून नीट लिहिलं गेलेलं नाही.

त्याच्या सर्वांत जवळ गेला तो विशाल फुरिया यांचा ‘लपाछपी’. 2017 साली चित्रपटगृहांत आलेल्या या चित्रपटात उसाचा फड माणसाला फिरवत ठेवतो आणि पोटातच मारलेल्या मुलींचा भूतकाळ वर्तमानात घुसतो. फडात तो खरोखर भेदरवतो. पुढं सगळं उलगडून सांगायच्या घाईत मात्र भय ओसरतं.

काळाशी खेळायचं तर मराठीत जयंत नारळीकरांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ आहेच. पानिपत मराठ्यांनी जिंकलं असा दुसराच इतिहास तिचा नायक बघून येतो. पानिपताच्या आधी, 1760 साली सदाशिवरावभाऊंनी निजामाला हरवलं ते उदगीरला, म्हणजे आजच्या लातूर जिल्ह्यात. त्याच उदगीरला एप्रिल 2022 मध्ये 95वं साहित्य संमेलन भरलं. अध्यक्ष होते भारत सासणे, गूढ आणि अद्भुत गांभीर्यानं हाताळणारे कथाकार. त्याआधीच्या नाशिकच्या संमेलनाचे अध्यक्ष नारळीकर. लागोपाठ हे दोघे अध्यक्ष झाले, तरी दिवाळी अंकांतली भयकथा अजून वाड्याच्या जिन्यावरच अडकलेली आहे.

विषय तर पायाशी पडलेत. विहिरीत साती आसरा, म्हणजे पाण्यातल्या देवता, राहतात म्हणून तिन्हीसांजेला पोरांना काठावर जाऊ देत नसत. एप्रिल 2016 च्या दुष्काळात मिरजेहून पाच लाख लिटर पाणी घेऊन पहिली रेल्वे लातूरला आली, तेव्हा तळ दिसणाऱ्या त्या विहिरींतल्या आसरा कुठं गेल्या असतील? हा प्रश्न मला कुठल्याही हवेलीपेक्षा जास्त अस्वस्थ करतो.

आणि किल्लारीचा भूकंप. 30 सप्टेंबर 1993, पहाटे 3 वाजून 56 मिनिटं. अनंत चतुर्दशीचं विसर्जन आटोपून माणसं झोपली होती. दगडमातीच्या जाड भिंती आणि वरचं जड माळवद अंगावर आलं, हजारो माणसं गेली. गोष्टीतल्या वाड्यात भूत असतं. इथं घरानंच माणसं मारली. पुढं सरकारनं गावं दुसरीकडे वसवली, सरळ रांगांची, आखलेल्या रस्त्यांची. एकाच नावाची दोन गावं झाली, एक जुनं, एक नवं. नव्यातून निघालेला म्हातारा जुन्याच्या वाटेला लागतो आणि त्याला 29 तारखेची संध्याकाळ लागते, अशी कथा इथल्या मातीनं कधीची तयार ठेवली आहे.

ती लिहिताना ढिगाऱ्यावर पांढऱ्या साडीतली बाई उभी करणं मला क्रूर वाटतं. गेलेल्यांची नावं घेणारी माणसं अजून त्या गावांत राहतात. चकव्याची रीत इथं उपयोगी पडेल: आवाज न चढवता सांगायचं, आणि मेलेला माणूस दिसलाच तर त्यानं भिववू नये, नेहमीसारखं गुरांना पाणी पाजावं. एवढा संयम बाहेरून आलेल्या लेखकाला जमणं अवघड. पण त्या रात्री पाळण्यात असलेली पोरं आता तिशी ओलांडून गेलीत. त्यांतली काही मास्तर आहेत, काही वकील, काही लिहितातही. संपादकांनी कथा त्यांच्याकडे मागावी.