‘अमेरिका’: सरहद्दीची अर्धी कैफियत
डी. डब्ल्यू. ग्रिफिथ यांचा ‘अमेरिका’ हा १९२४ चा मूकपट. पॉल रिव्हिअरची घोडदौड, लेक्सिंग्टन, बंकर हिल हा भाग आम्ही रमून पाहिला. घोडे धावू लागले की ग्रिफिथना तोड नाही. प्रेमकथा बेताचीच.

आमची तक्रार आहे ती पुढच्या भागाबद्दल. लढाई न्यूयॉर्कच्या सरहद्दीवर, मोहॉक खोऱ्यात येते आणि इंग्रजांच्या बाजूचा वॉल्टर बटलर (लायोनेल बॅरीमोर) साऱ्या क्रौर्याचा धनी ठरतो. त्याच्या साथीला असलेले मूळ रहिवासी म्हणजे जणू त्याच्या हातातले हत्यार! १७७८ मध्ये चेरी व्हॅलीत बायकामुलांची कत्तल झाली आणि स्वारीचा म्होरक्या बटलरच होता, हे खरे. पण दुसऱ्याच वर्षी, १७७९ मध्ये, वॉशिंग्टन यांच्या हुकमावरून जनरल सलिव्हन यांच्या फौजेने इरोक्वॉय लोकांची चाळीसहून अधिक गावे जाळली. उभा मका आणि फळबागाही सोडल्या नाहीत. त्या गावांसाठी ग्रिफिथकडे एकही दृश्य नाही. बटलरला मारून, वॉशिंग्टन यांना अध्यक्षपदाची शपथ देऊन ते मोकळे होतात. ‘द बर्थ ऑफ अ नेशन’ (१९१५) मध्ये क्लू क्लक्स क्लानला तारणहार ठरवणारे दिग्दर्शक हेच, याची आम्हाला तेव्हा आठवण झाली.